वेतनश्रेणीचा खटला हा आरक्षणाचाही खटला आहे

केंद्राचा आठवा वेतन आयोग न्या. रंजना प्रकाश देसाई यांच्या अध्यक्षतेखाली नेमला गेला आहे. ऑक्टोबर २०२५ च्या अखेरीस त्याची कार्यकक्षा ठरली आणि अहवालासाठी १८ महिन्यांची मुदत मिळाली. तेव्हापासून सरकारी कार्यालयांत, शिक्षकांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांत आणि नोकरदारांच्या घरांत एकच गणित मांडले जात आहे: फिटमेंट फॅक्टर किती मिळणार? जुन्या मूळ वेतनाला ज्याने गुणायचे तो हा आकडा. सातव्या आयोगात तो २.५७ होता, म्हणून सहाव्या आयोगातले ७,००० रुपयांचे किमान मूळ वेतन १८,००० झाले. आता काय होईल, याचे तक्ते फिरत आहेत.

हे गणित आम्ही कमी लेखत नाही. आपल्या वस्तीतल्या एखाद्या घरात पहिली सरकारी नोकरी आली, तेव्हा त्या घराचे जे काही पालटले ते वेतनश्रेणीने पालटले. पगार महिन्याच्या महिन्याला येणार, दरवर्षी वाढणार, आजारपणात रजा मिळणार, म्हातारपणी कुणापुढे हात पसरावा लागणार नाही, एवढ्या खात्रीवर आई-बापांनी मुलांना शहरात शिकायला ठेवले.

पण त्याच कार्यालयात सकाळी सातला येऊन फरशी पुसणारी बाई, संगणकावर नोंदी भरणारा पदवीधर मुलगा, गेटवरचा रखवालदार आणि शेजारच्या महाविद्यालयात तासिका तत्त्वावर शिकवणारा नेट-सेट झालेला प्राध्यापक, या चौघांना फिटमेंट फॅक्टर लागत नाही. गुणायला मूळ वेतनच नाही. त्यांना मिळतो तो रोज, तासाचा दर, ठेकेदाराच्या हातून सुटेल ती रक्कम, किंवा मानधन. (मानधन हा शब्दही मोठा गमतीचा आहे. त्यात मान किती आणि धन किती, हे घेणाऱ्यालाच ठाऊक.) आमच्या पाहण्यातले शिकलेले बौद्ध तरुण आज ज्या रांगेत उभे आहेत ती मुख्यतः या चौघांची रांग आहे.

म्हणून सरकारी पगाराच्या कोर्टकचेऱ्यांकडे पाहताना आम्हाला दोन प्रकार वेगळे करावेसे वाटतात. पहिला प्रकार श्रेणीच्या आतल्यांचा. अमुक संवर्गाला तमुक संवर्गापेक्षा कमी श्रेणी का, पदोन्नतीची वेतननिश्चिती चुकली का, थकबाकी कोणत्या तारखेपासून, असे हे वाद. राज्यात सातव्या आयोगासाठी बक्षी समिती होती, पुढे त्रुटींसाठी खुल्लर समिती नेमली गेली, आणि तिथे समाधान झाले नाही की माणूस महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जातो. हे वाद खरे आहेत, पण त्यांना संघटना आहेत, वकील आहेत, सेवापुस्तक आहे. दुसरा प्रकार श्रेणीच्या बाहेरच्यांचा. त्यांचा वाद एवढाच असतो की आम्ही तेच काम करतो, मग आम्हाला त्या श्रेणीत घ्या, निदान त्या श्रेणीचा पगार तरी द्या.

आपल्या चळवळीने हा दुसरा प्रकार बराच काळ कामगारांचा प्रश्न म्हणून बाजूला ठेवला आणि आरक्षणाचा लढा वेगळा चालवला. आमच्या मते हे दोन लढे वेगळे नाहीत. आरक्षण पदाला असते, कामाला नसते. पद मंजूर असले, आकृतिबंधात दिसले, त्याची जाहिरात निघाली, तर बिंदुनामावली लागते आणि अनुसूचित जातीची जागा निघते. तेच काम पदावरून काढून ठेकेदाराच्या हवाली केले की काम राहते, पद जाते. पदाबरोबर वेतनश्रेणी जाते आणि बिंदुनामावलीही जाते. कुणी आरक्षण रद्द केले असे म्हणायलाही जागा उरत नाही.

महाराष्ट्राने हे उघड्या डोळ्यांनी पाहिले आहे. ६ सप्टेंबर २०२३ रोजी राज्य सरकारने नऊ खासगी संस्थांमार्फत बाह्यस्रोतातून मनुष्यबळ घेण्याचा शासन निर्णय काढला. त्यात साफसफाईपासून अतिकुशल कामापर्यंत सगळे होते. राज्यभर विद्यार्थी रस्त्यावर आले आणि ऑक्टोबरमध्ये तो निर्णय मागे घ्यावा लागला. तो विजय होताच. पण निर्णय मागे गेला म्हणून कंत्राटी पद्धत गेली नाही. ती त्या शासन निर्णयाच्या आधीपासून होती आणि नंतरही आहे. त्याच सुमारास केंद्र सरकारने सर्वोच्च न्यायालयात सांगितले की ४५ दिवस किंवा त्याहून अधिक काळाच्या तात्पुरत्या नेमणुकांत अनुसूचित जाती, जमाती व इतर मागासवर्गीयांना आरक्षण दिले जाईल. ऐकायला बरे वाटते. पण ही हमी सरकारने स्वतः नेमलेल्या माणसाची आहे. एजन्सीने पाठवलेल्या माणसाबद्दल विचारले की उत्तर ठरलेले: तो आमचा कर्मचारीच नाही.

'तो आमचा कर्मचारीच नाही' हे वाक्य कोर्टात किती वेळा बोलले गेले असेल, याची गणती नाही. ते ऐकून घेऊन न्यायालयाने काय केले, याची तीन उदाहरणे आम्हाला इथे सविस्तर सांगायची आहेत. तिन्हींत कामगाराच्या हातात झाडू आहे, हा योगायोग नाही.

पहिले उदाहरण एसटीचे. एसटी महामंडळाच्या आगारांत गाड्या साफ करायला १९८० च्या दशकात नैमित्तिक कामगार लावले गेले. मोबदला तुटपुंजा, नोकरीची हमी शून्य. त्यांच्या वतीने कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना औद्योगिक न्यायालयात गेली. आधार होता महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्याचा, ज्याला कामगार क्षेत्रात पल्प कायदा म्हणतात. या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत मालकाच्या अनुचित प्रथांची यादी आहे. कायम कामगाराचे हक्क नाकारण्याच्या हेतूने माणसाला वर्षानुवर्षे बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरता ठेवणे ही त्यातली एक. खटला वर वर चढत गेला आणि २८ ऑगस्ट २००९ रोजी न्या. तरुण चॅटर्जी व न्या. आर. एम. लोढा यांच्या खंडपीठाने कामगारांच्या बाजूने निकाल दिला. मधल्या काळात सर्वोच्च न्यायालयाचा उमादेवी निकाल आला होता, तात्पुरत्या कर्मचाऱ्याला कायम होण्याचा हक्क नाही असे सांगणारा. महामंडळाने तोच पुढे केला. न्यायालयाने म्हटले, पदे अस्तित्वात असताना मालकाने अनुचित प्रथा अवलंबली असेल तर कायम करण्याचा आदेश देण्याचे औद्योगिक न्यायालयाचे अधिकार उमादेवी निकालाने काढून घेतलेले नाहीत. मागासवर्गीय कर्मचाऱ्यांच्या संघटनेचे नाव असलेला हा निकाल आज देशभरातल्या कामगार खटल्यांत वकील वाचून दाखवतात. आपल्यापैकी कितीजणांना तो माहीत आहे?

दुसरे उदाहरण मुंबईचे. महापालिकेने कचरा उचलण्याचे काम ठेकेदारांना आणि पुढे 'हैदराबाद पॅटर्न'च्या नावाखाली स्वयंसेवी संस्थांना दिले. कागदावर कामगार हा कामगार न राहता स्वयंसेवक झाला. पहाटे उठून, हातमोज्यांशिवाय, डम्परवर चढून शहराचा कचरा भरायला लोक स्वयंस्फूर्तीने येतात, अशी ही कल्पना होती. असे 'स्वयंसेवक' कोणत्या समाजातून येतात, हे आपल्याला कुणी सांगायला नको. मराठवाड्यातून दुष्काळाने हुसकावलेली किती कुटुंबे या कामात आली, हे मुंबईच्या कुठल्याही चौकीवर उभे राहिले की कळते. कचरा वाहतूक श्रमिक संघाने २,७०० कामगारांचा दावा लढवला. ऑक्टोबर २०१४ मध्ये औद्योगिक न्यायाधिकरणाने त्यांना कायम करण्याचा निवाडा दिला, मुंबई उच्च न्यायालयात तो टिकला, आणि एप्रिल २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही कामगार जिंकले.

जिंकल्यावर काय झाले ते जास्त महत्त्वाचे आहे. अनेकांची कायम नेमणूक नावावरून अडली. दाव्याच्या यादीतले नाव, ठेकेदाराच्या हजेरीपटावरचे नाव आणि आधार कार्डावरचे नाव जुळत नव्हते. मुकादमाने ऐकले तसे लिहिलेले नाव, घरात हाक मारायचे नाव, बाईचे माहेरचे आडनाव आणि सासरचे आडनाव, एका अक्षराचा फरक. सर्वोच्च न्यायालयातला विजय वॉर्ड ऑफिसातल्या टेबलावर येऊन थांबला. निकाल आला की लढाई संपली असे समजणाऱ्यांनी या कामगारांची पुढची वर्षे पाहावीत.

तिसरे उदाहरण केंद्रीय जल आयोगाचे. आयोगाच्या कार्यालयात झाडलोट आणि बागकाम करणारे कामगार, काहींची सेवा वीस वर्षांच्या आसपास. अर्धवेळ, तात्पुरते म्हणून नोंद. कायम करा म्हणून न्यायाधिकरणात गेले, तिथे हरले, आणि ऑक्टोबर २०१८ मध्ये त्यांना एका फटक्यात काढून टाकले. २० डिसेंबर २०२४ रोजी न्या. विक्रम नाथ व न्या. प्रसन्न वराळे यांच्या खंडपीठाने त्यांना परत कामावर घेऊन नियमित करण्याचा आदेश दिला. हा जग्गो खटला. उमादेवी निकाल हा मागच्या दाराने होणाऱ्या बेकायदा नेमणुका रोखण्यासाठी होता, अनेक वर्षे राबलेल्या माणसाचा रास्त हक्क नाकारण्याची ढाल म्हणून नव्हे, हे न्यायालयाने स्पष्ट शब्दांत सांगितले. मात्र ज्या काळात काम करू दिले नाही त्या काळाचा पगार मिळाला नाही. सेवेचे सातत्य मिळाले.

तीन निकाल सांगितले म्हणून न्यायालय कायम कामगाराच्या बाजूने असते असा समज कुणी करून घेऊ नये. ही वाट सरळ नाही. १९८२ मध्ये दिल्ली पोलिसांतल्या एका चालक-शिपायाने थेट कलम ३२ खाली सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. त्याचे म्हणणे साधे होते: दिल्लीतल्या इतर सरकारी खात्यांतले चालक तेच काम करतात, मग मला कमी पगार का? न्या. चिन्नप्पा रेड्डी यांनी लिहिलेल्या त्या रणधीर सिंग निकालाने पाया घातला. समान कामाला समान वेतन हा मूलभूत हक्क म्हणून संविधानात लिहिलेला नाही, तो कलम ३९(घ) मध्ये मार्गदर्शक तत्त्व म्हणून आहे. पण कलम १४ आणि १६ सोबत तो वाचला तर न्यायालय त्याची अंमलबजावणी करू शकते, असे तो निकाल सांगतो. कलम ३२ ला बाबासाहेबांनी डिसेंबर १९४८ मध्ये संविधान सभेत संविधानाचा आत्मा म्हटले होते, हे आपण पाठ म्हणतो. एका शिपायाने ते पगारासाठी वापरले, हे क्वचितच कुणी सांगते.

पुढे १० एप्रिल २००६ चा पाच न्यायाधीशांचा उमादेवी निकाल आला आणि दार बरेचसे बंद झाले. २६ ऑक्टोबर २०१६ रोजी न्या. जे. एस. खेहर व न्या. शरद बोबडे यांनी पंजाबच्या जगजीत सिंग खटल्यात ते अर्धे उघडले: तात्पुरता कर्मचारी नियमित कर्मचाऱ्याइतकेच काम आणि तीच जबाबदारी पार पाडत असेल, तर त्याला त्या वेतनश्रेणीचा किमान टप्पा मिळालाच पाहिजे, कायम करण्याचा प्रश्न वेगळा. आणि १० मे २०१९ रोजी बिहारच्या सुमारे साडेतीन लाख नियोजित शिक्षकांच्या बाबतीत ते पुन्हा लोटले गेले. पाटणा उच्च न्यायालयाने त्यांना समान वेतन दिले होते. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. पंचायतीने नेमलेल्या शिक्षकांचा संवर्ग वेगळा, जुन्या शिक्षकांचा संवर्ग हळूहळू संपत जाणारा, आणि राज्यावर पडणारा भार मोठा, हे सरकारचे म्हणणे ग्राह्य धरले गेले. एकच शाळा, एकच फळा, एकच पाठ्यपुस्तक, पण संवर्ग दोन.

बिहार दूरचे वाटत असेल तर आपल्याकडचा शिक्षण सेवक आठवा. प्राथमिक शिक्षण सेवकाला २०२२ च्या अखेरपर्यंत महिन्याला ६,००० रुपये मिळत. जानेवारी २०२३ पासून १६,००० झाले. त्याच शाळेतल्या नियमित शिक्षकाची श्रेणी एस-१० आहे, म्हणजे मूळ वेतनच २९,२०० पासून सुरू, भत्ते वेगळे. तीन वर्षांनी शिक्षण सेवक त्या श्रेणीत जातो, हे खरे. पण त्या तीन वर्षांत तो काय कमी शिकवतो?

आता आम्ही ज्या प्रश्नावर आपल्यातच एकमत नाही तिथे येतो. उमादेवी निकालावर आपल्याकडे सरसकट टीका होते. आम्हाला ती अर्धवट वाटते. त्या निकालामागचा युक्तिवाद असा होता की जाहिरात न काढता, स्पर्धा न होता ओळखीपाळखीने आत घेतलेल्या माणसाला कायम केले, तर बाहेर उभ्या असलेल्या पात्र उमेदवारावर अन्याय होतो. बाहेर कोण उभे आहे? पुण्यातल्या, नागपुरातल्या, संभाजीनगरच्या अभ्यासिकांत बसलेली आपलीच मुले. बिंदुनामावलीशिवाय भरलेल्या कंत्राटी लिपिकांना किंवा प्राध्यापकांना एका शासन निर्णयाने कायम केले, तर अनुसूचित जातीच्या तेवढ्या जागा कायमच्या गेल्या. म्हणजे 'कंत्राटींना कायम करा' ही घोषणा देणारा आपला तरुण आणि 'जाहिरात काढा' म्हणणारा आपला तरुण एकमेकांसमोर उभे राहतात. मोर्चात दोन्ही घोषणा एकामागून एक दिल्या जातात आणि त्यांतला विरोध कुणाच्या लक्षात येत नाही. प्रशासनाच्या मात्र तो बरोबर लक्षात येतो.

यातून वाट काढायची तर वेतन आणि कायमपण यांची गाठ सोडवावी लागेल. कायम कुणाला करायचे, हे प्रकरण पाहून ठरावे. झाडलोट, मैला, कचरा या कामांत आरक्षणाची भीती दाखवण्यात अर्थ नाही. तिथे आधीपासून आपलीच माणसे आहेत आणि त्या कामासाठी दुसरे कुणी रांगेत नाही. तिथे कायम करणे हाच न्याय आहे. लिपिक, तंत्रज्ञ, शिक्षक, प्राध्यापक या पदांवर मात्र आमचा आग्रह जाहिरातीचा आणि बिंदुनामावलीचा असला पाहिजे. आधी काम केलेल्यांना वयाची सवलत द्या, अनुभवाचे गुण द्या, पण निवड उघड्या स्पर्धेतून आणि आरक्षणासह झाली पाहिजे.

समान वेतनाला मात्र 'पण' नको. ते आजपासून, सगळ्यांना. याचे कारण दयेचे नाही, हिशेबाचे आहे. खाते प्रमुख पद रिकामे ठेवून कंत्राटी माणूस का घेतो? तो स्वस्त पडतो म्हणून. राज्यात लिपिकाची श्रेणी १९,९०० पासून सुरू होते, त्यावर महागाई भत्ता, घरभाडे, निवृत्तिवेतनाचा वाटा, रजा. कंत्राटी मुलाला यातले फारसे काही नाही. हा फरक जेवढा मोठा, तेवढा पद न भरण्याचा मोह मोठा. जगजीत सिंग निकालाप्रमाणे त्याला श्रेणीचा किमान टप्पा द्यावा लागला आणि वर एजन्सीचे कमिशन द्यावे लागले, तर कंत्राट परवडेनासे होते आणि पद भरणेच सोयीचे ठरते. म्हणजे कंत्राटी कामगाराने जिंकलेला समान वेतनाचा प्रत्येक खटला अभ्यासिकेत बसलेल्या मुलाची जाहिरात जवळ आणतो. हे दोघे एकमेकांचे स्पर्धक नाहीत, एवढे जरी आपल्या कार्यकर्त्यांनी दोघांनाही समजावले तरी पुष्कळ होईल.

अलीकडचे निकाल या दिशेला थोडे वळलेले दिसतात. ऑगस्ट २०२५ मध्ये उत्तर प्रदेशातल्या रोजंदारी कर्मचाऱ्यांच्या धरम सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की राज्य हा संविधानाने बांधलेला मालक आहे. तिजोरीत खडखडाट आहे हे कारण पुढे करून सर्वांत खालच्या कामगारांच्या पाठीवर अंदाजपत्रकाचा तोल सांभाळता येणार नाही. त्याच महिन्यात गुजरातमधल्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना, जे महिना ३०,००० वर शिकवत होते, श्रेणीचा किमान टप्पा देण्याचा आदेश झाला. आपल्या तासिका तत्त्वावरच्या प्राध्यापकांनी तो निकाल मिळवून वाचावा. त्यांची नेमणूक तासांवर असल्यामुळे तो जसाच्या तसा लागू होईल असे नाही, पण युक्तिवादाची दिशा तिथे आहे.

पण निकाल वाचून पगार मिळत नाही. आमच्याकडे सल्ला विचारायला येणाऱ्या तरुणांपैकी बहुतेकांजवळ आपण कुठे काम करतो हे दाखवणारा एकही कागद नसतो, आणि हीच खरी अडचण आहे. ठेकेदार दर काही महिन्यांनी बदलतो, माणूस तोच राहतो. एका ठेक्यात कायद्याच्या मर्यादेपेक्षा कमी माणसे दाखवायची आणि २४० दिवस भरायच्या आत ठेका संपवायचा, ही युक्ती जुनी आहे. कंत्राटी कामगार कायद्यात ही मर्यादा मूळ २० माणसांची होती, नव्या श्रमसंहितेत ती ५० झाली आहे, म्हणजे लपायला जागा वाढली. अशा वेळी गेटपास, ओळखपत्र, बँकेत जमा झालेल्या रकमेच्या नोंदी, पीएफचे पासबुक, साहेबाने व्हॉट्सअ‍ॅपवर दिलेली ड्युटी, हजेरीपटाचा मोबाईलवर काढलेला फोटो, यांतले प्रत्येक चिटोरे पुरावा असते. आणि नाव. आधार, बँक, पीएफ आणि हजेरीपट या चारही ठिकाणी नाव अक्षरशः एकसारखे आहे का, हे आजच पाहून घ्या. मुंबईच्या सफाई कामगारांनी त्याची किंमत मोजली आहे.

मुदतीचेही तसेच. मॅटसारख्या न्यायाधिकरणात दाद मागायला साधारण एक वर्षाची मुदत असते. कमी पगार हा दर महिन्याला नव्याने होणारा अन्याय मानला जातो, म्हणून उशिरा गेले तरी दार बंद होत नाही, पण २००८ च्या तरसेम सिंग निकालापासून थकबाकी साधारणपणे अर्ज करण्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. पंधरा वर्षे कमी पगारावर काढली आणि सोळाव्या वर्षी कोर्टात गेलात, तर बारा वर्षांचे पैसे गेले. शेजारच्या टेबलावरचा जिंकला की आपल्यालाही आपोआप मिळेल, ही समजूतही महागात पडते. समान परिस्थितीतल्यांना समान लाभ मिळावा हे तत्त्व न्यायालय मानते, पण वर्षानुवर्षे कुंपणावर बसून राहिलेल्याला ते उशिराचे कारण विचारते. २०१४ च्या अरविंद कुमार श्रीवास्तव निकालात हे स्पष्ट आहे.

श्रेणीच्या आतल्या वर्ग तीन आणि चारच्या बांधवांसाठी एक गोष्ट सांगून ठेवतो, कारण ती बऱ्याच घरांत उपयोगी पडते. वेतननिश्चितीत कार्यालयाची चूक झाली, पगार जास्त दिला गेला, आणि निवृत्तीच्या तोंडावर लाखांची वसुली काढली, असे सर्रास घडते. डिसेंबर २०१४ च्या रफीक मसीह निकालाने वर्ग तीन व चारच्या कर्मचाऱ्यांकडून, तसेच निवृत्त झालेल्यांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, त्यांचा काही दोष नसताना अशी वसुली करायला मनाई केली आहे. मात्र वेतननिश्चितीच्या वेळी 'जादा रक्कम परत करीन' असे हमीपत्र लिहून घेतले असेल, तर पुढे तेच आड येऊ शकते. सही करताना काय लिहिले आहे ते वाचा.

एकट्याने याचिका घेऊन जाणे हाही आपल्याकडचा रोग झाला आहे. वर सांगितलेल्या दोन मराठी विजयांत, एसटीच्या आणि मुंबईच्या, याचिका संघटनेची होती. संघटनेने यादी केली, वर्गणी काढली, कोर्टाच्या तारखांना माणसे हजर ठेवली आणि निकालानंतरही पाठपुरावा सोडला नाही. एकट्या कंत्राटी कामगाराने नोटीस दिली की दुसऱ्या दिवशी गेट बंद होते. जल आयोगातल्या कामगारांचे तेच झाले, आणि परत आत जायला त्यांना सहा वर्षे लागली.

आठव्या आयोगाकडे कर्मचारी संघटनांची निवेदने जाणार आहेत. किमान वेतन, फिटमेंट, भत्ते, निवृत्तिवेतन हे विषय त्यांत असतीलच. आपल्या मागासवर्गीय कर्मचारी संघटनांनी त्यात आणखी एक मागणी घालावी असे आम्हाला वाटते. प्रत्येक खात्यात मंजूर पदे किती, भरलेली किती, त्या पदांचे काम करणारी कंत्राटी व बाह्यस्रोत माणसे किती, त्यांना महिन्याला हातात काय मिळते, आणि त्यांत अनुसूचित जातीचे किती, हा तक्ता आयोगाने मागवून अहवालात छापावा. राज्यात केंद्राच्या आयोगामागून समिती येते. तिच्याकडेही हीच मागणी जावी. तोवर जिल्ह्या-जिल्ह्यातल्या कार्यकर्त्यांनी माहिती अधिकारात आपापल्या नगरपालिकेचे, जिल्हा परिषदेचे आणि शासकीय रुग्णालयाचे हे आकडे मागायला सुरुवात करावी. अर्जाला १० रुपये लागतात, आणि ३० दिवसांत उत्तर देणे कार्यालयावर बंधनकारक आहे.